बेटांची कुमार मैदानी स्पर्धा : कॅरिफ्टा आणि धाराशिव जिल्ह्यातील मैदान

प्रास्ताविक :
कॅरिबियन समुद्रातील ग्रेनाडा या बेटाची लोकसंख्या एक लाखाच्या थोडी वर आहे. २०११ च्या जनगणनेत उस्मानाबाद, म्हणजे आताच्या धाराशिव शहराची लोकसंख्याही जवळपास तेवढीच नोंदली गेली. या बेटाचा किरानी जेम्स याने २०१२ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये ४०० मीटर धावण्याचे सुवर्णपदक मिळविले. तेव्हा तो एकोणीस वर्षांचा होता आणि ते त्याच्या देशाचे पहिलेच ऑलिंपिक पदक होते. अशा यशाचे श्रेय वंशाला किंवा 'रक्तातील वेगाला' देऊन विषय संपविण्याची सवय सर्वत्र आढळते. त्या स्पष्टीकरणातून शिक्षकाच्या हाती काहीच लागत नाही. प्रस्तुत लेखात या बेटांवरील कुमार खेळाडूंना घडविणाऱ्या एका वार्षिक स्पर्धेच्या रचनेचा परिचय करून दिला आहे व तिच्या संदर्भात धाराशिव जिल्ह्यातील परिस्थितीचा विचार केला आहे.

स्पर्धेचा उगम व स्वरूप :
'कॅरिफ्टा' हे मूळ नाव एका व्यापारी कराराचे, कॅरिबियन मुक्त व्यापार संघाचे. १९७३ मध्ये त्या संघाची जागा 'कॅरिकॉम' या संघटनेने घेतली. हे स्थित्यंतर घडत असताना बार्बाडोसच्या मैदानी खेळांच्या संघटनेचे अध्यक्ष ऑस्टिन सीली यांनी कुमारांच्या स्पर्धेची कल्पना मांडली आणि १९७२ मध्ये पहिली स्पर्धा बार्बाडोस येथे झाली. व्यापारसंघ इतिहासजमा झाला, परंतु त्याचे नाव धावणाऱ्या मुलामुलींनी टिकविले, हे मोठे मौजेचे आहे. आरंभी केवळ वीस वर्षांखालील गट होता. पुढे लहान वयाचा गट जोडण्यात आला. इंग्रजी, फ्रेंच व डच भाषक प्रदेश एकाच मैदानावर येतात. गियानासारखे मुख्य भूमीवरील देश आणि अटलांटिकमधील बर्म्युडाही त्यांत आहेत. यजमानपद फिरते असते. कोविडमुळे २०२० व २०२१ मध्ये खंड पडला, तो वगळता अलीकडे २०२३ मध्ये बहामा, २०२४ मध्ये ग्रेनाडा आणि २०२५ मध्ये त्रिनिदाद येथे ही स्पर्धा झाली.

तथापि या स्पर्धेचे खरे बळ तिच्या वेळापत्रकात आहे. ती ईस्टरच्या सुटीत भरते. वर्षारंभीच हा काळ ठाऊक असल्याने प्रशिक्षक तेथून मागे मोजत सरावाचे टप्पे ठरवितात. शाळांच्या स्पर्धा आणि देशांतर्गत निवड चाचण्या त्याआधी होतात. जमैकातील शालेय स्पर्धा तर १९१० पासूनची आहे. त्यामुळे एखादा विद्यार्थी एका वर्षी हरला, तरी पुढच्या वर्षीची शर्यत त्याच्यासाठी निश्चित असते. उसेन बोल्ट याचे उदाहरण या दृष्टीने बोलके आहे. २००१ मध्ये तो या स्पर्धेत प्रथम उतरला, तेव्हा २०० मीटरमध्ये २१.८१ सेकंदांसह दुसरा आला. २००४ मध्ये बर्म्युडात त्याने तेच अंतर १९.९३ सेकंदांत कापले. वीस वर्षांखालील कोणत्याही धावपटूने यापूर्वी वीस सेकंदांची सीमा ओलांडलेली नव्हती. मधल्या तीन वर्षांत त्याची उंची वाढली, ताकद वाढली, हे खरेच. पण प्रत्येक वर्षी त्याच्यासमोर समवयस्कांची कसोटी उभी होती, याकडेही दुर्लक्ष करता येत नाही.

जिल्ह्याचे मैदान :
धाराशिव जिल्ह्याचे क्षेत्रफळ साडेसात हजार चौरस किलोमीटरांहून अधिक व लोकसंख्या २०११ मध्ये साडेसोळा लाख होती. जमैकाचे क्षेत्रफळ सुमारे अकरा हजार चौरस किलोमीटर असून लोकसंख्या सुमारे अठ्ठावीस लाख आहे. म्हणजे आकाराची अडचण नाही. या जिल्ह्यात खेळाडू घडत नाहीत, असेही म्हणता येणार नाही. २०१६ च्या गुवाहाटी येथील दक्षिण आशियाई स्पर्धेत सुवर्णपदक जिंकणाऱ्या भारतीय महिला खो-खो संघाच्या कर्णधार सारिका काळे याच जिल्ह्याच्या. २०२० मध्ये त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला. खो-खोला येथे संघ आहेत, रोजचा सराव आहे, एकमेकांविरुद्ध खेळण्याची सवय आहे. फक्की मारून आखलेल्या मुरमाच्या ट्रॅकवर धावणाऱ्या मुलाला मात्र हा सहवास क्वचितच लाभतो.

शालेय मैदानी स्पर्धांची उतरंड तालुका, जिल्हा, विभाग, राज्य व राष्ट्रीय अशी आहे आणि चौदा, सतरा व एकोणीस वर्षांखालील गटही आहेत. आराखडा निर्दोष वाटतो. परंतु तो गाळण्याचा आराखडा आहे. तालुक्यालाच चौथा आलेल्या मुलाचे वर्ष त्या एका शर्यतीत संपते. भारतीय ॲथलेटिक्स महासंघाची आंतरजिल्हा कनिष्ठ स्पर्धा जिल्हा हाच घटक मानते आणि या अर्थाने ती कॅरिफ्टाच्या सर्वांत जवळची आहे. ती २०२३ मध्ये पाटण्याला व २०२४ मध्ये अहमदाबादला झाली. मात्र तेथेही जिल्ह्यातून मोजकीच मुले जातात. शेजारच्या बीड जिल्ह्यातील मांडवा गावचे अविनाश साबळे यांच्यातील धावपटू घडला तो सैन्यात दाखल झाल्यानंतर, क्रॉस कंट्रीतून. २०२२ च्या राष्ट्रकुल स्पर्धेत तीन हजार मीटर स्टीपलचेसचे रौप्यपदक मिळविणाऱ्या या खेळाडूला ज्या वयात बेटांवरील मुले आंतरराष्ट्रीय शर्यती धावतात, त्या वयात तशी संधी नव्हती.

महाविद्यालयांशी याचा थेट संबंध आहे. प्रथम वर्षाचा विद्यार्थी अठरा-एकोणीस वर्षांचा, म्हणजे कॅरिफ्टाच्या व्याख्येनुसार अजून कुमारच असतो. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेत त्याची गाठ पंचविशीपर्यंतच्या खेळाडूंशी पडते आणि पहिल्याच वर्षी तो मैदान सोडतो. महाविद्यालयाच्या वार्षिक क्रीडा महोत्सवात वीस वर्षांखालील स्वतंत्र गट ठेवण्यास खर्च लागत नाही, केवळ जन्मतारखेची नोंद लागते.

दुसरी अडचण हंगामाची. भूम, परंडा, वाशी, कळंब या भागांतील अनेक कुटुंबे दसरा-दिवाळीनंतर ऊसतोडीला जातात व कारखान्यांचा गळीत हंगाम संपल्यावर परततात. नेमक्या याच महिन्यांत शालेय स्पर्धांचे वरचे टप्पे येतात. तालुक्याला पहिली आलेली मुलगी विभागीय स्पर्धेच्या दिवशी आईवडिलांबरोबर फडात असू शकते. अशा मुलांसाठी गावोगावी हंगामी वसतिगृहे चालविली जातात. महाविद्यालयांच्या शारीरिक शिक्षण संचालकांनी आपल्या परिसरातील या वसतिगृहांच्या मुलांच्या शर्यती दर पंधरवड्यास घेतल्या आणि वेळा वहीत नोंदविल्या, तर एप्रिलपर्यंत प्रत्येकाच्या नावावर दहा-बारा शर्यती होतील.