हप्ता बदलणार नाही!

‘घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून’ असे आपले वाडवडील सांगून गेले. आमचे लग्न वडीलधाऱ्यांनी पार पाडले, तेव्हा त्यातला त्रास मला कळला नाही. घर मात्र मी स्वतः घेतले, आणि त्या घराने मला जे शिकवले ते तीस वर्षे शाळेत गणित शिकवूनही मला आले नव्हते. मी आठवीच्या मुलांना दरवर्षी चक्रवाढ व्याज शिकवीत असे. त्या मुलांपैकी कुणाच्या वाचनात हा लेख आला, तर त्याने गुरुजींना हसावे. माझी हरकत नाही.

२००४ सालची गोष्ट. डोंबिवलीत साडेबारा लाखांना एक जागा मिळत होती. स्टेशनपासून वीस मिनिटे चालत, तिसरा मजला, लिफ्ट नाही. पण गच्चीतून सकाळचे ऊन यायचे. भविष्यनिर्वाह निधीतून काही रक्कम काढली, सासऱ्यांनी थोडा हात दिला आणि उरलेल्या दहा लाखांचे कर्ज काढले. मी शिक्षक, सौ. टपाल खात्यात. दोघांच्या पगारावर कर्ज मंजूर झाले. व्याज ८ टक्के, मुदत १५ वर्षे, हप्ता ९,५५७ रुपये. पहिला हप्ता जुलै २००४ मध्ये आणि शेवटचा जून २०१९ मध्ये. मी मे २०१९ मध्ये निवृत्त होणार होतो. नोकरी संपणार आणि कर्जही संपणार, असा तो सुरेख मेळ पाहून मी स्वतःवर भलताच खूश झालो. करारात एक ओळ होती : पहिली चार वर्षे दर स्थिर, पुढे बाजाराप्रमाणे बदलता. ती मी वाचली होती. वाचणे आणि समजणे यांत फरक असतो, हे मी मुलांना नेहमी सांगत आलो होतो!

पत्र आले

२००८ च्या जूनमध्ये कर्ज देणाऱ्या संस्थेचे पत्र आले. ‘आपल्या कर्जाचा व्याजदर ११.५ टक्के करण्यात आला आहे. आपल्या मासिक हप्त्यात कोणताही बदल होणार नाही.’ पत्र घेऊन मी स्वयंपाकघरात गेलो आणि मोठ्या ऐटीत ते वाचून दाखवले. सौ. पोळ्या लाटीत होती. हात न थांबवता तिने विचारले, “अहो, दर वाढला आणि हप्ता तोच? मग वाढलेलं व्याज जातं कुठं?”

वाचकहो, या प्रश्नाचे उत्तर देण्याची पात्रता त्या घरात माझी होती. मी काय म्हणालो असेन? “त्या लोकांना तुझ्यापेक्षा जास्त कळतं.” एवढे बोलून मी पत्र फायलीत लावले. त्याच पत्राच्या खालच्या अंगाला बारीक अक्षरात आणखी एक आकडा होता : उर्वरित हप्ते १९२. चार वर्षांत ४८ हप्ते भरून झाले होते, म्हणजे उरायला हवे होते १३२. साठ हप्ते जास्त! पाच वर्षे! वाढलेले व्याज कुठे जात होते, ते तिथे छापलेले होते. ते माझ्या म्हातारपणात जाऊन बसले होते.

हे दोन वर्षांनी उघडकीस आले, तेही माझ्या हुशारीने नव्हे. आमची मुलगी तेव्हा कॉमर्सच्या पहिल्या वर्षाला होती. कॉलेजात कर्जफेडीचा तक्ता करून आणायला सांगितला होता. तिने खरा आकडा हवा म्हणून आमची फाइल काढली. रात्री जेवताना तिने विचारले,

“बाबा, तुम्ही रिटायर कधी होणार?”

“२०१९.”

“मग २०२४ पर्यंत हप्ता कोण भरणार?”

सौ.ने माझ्याकडे पाहिले. काही बोलली नाही. बोलली असती तर बरे झाले असते.

मुद्दल आणि व्याज

त्या रात्री मी वही-पेन्सिल घेऊन बसलो. हप्ता एकच दिसतो, पण त्याच्या पोटात दोन भाग असतात. उरलेल्या मुद्दलावर त्या महिन्याचे व्याज आधी कापून घेतात. जे शिल्लक राहते तेवढेच मुद्दलात जमा होते. माझ्या पहिल्याच हप्त्यात ९,५५७ पैकी ६,६६७ रुपये व्याज होते आणि मुद्दल फिटले २,८९० रुपये. २००८ मध्ये दर वाढला, तेव्हा मुद्दल उरले होते सुमारे ८ लाख ३७ हजार. त्याचे साडेअकरा टक्क्यांनी महिन्याचे व्याज झाले ८,०२३ रुपये. म्हणजे मुद्दलाच्या वाट्याला आले जेमतेम दीड हजार. सहा वर्षांत ७२ हप्ते, एकूण ६ लाख ८८ हजार रुपये भरून कर्ज किती उतरले? दहा लाखांचे सुमारे ७ लाख ९६ हजार झाले होते. दोन लाख चार हजार फिटले. बाकीचे सगळे व्याज.

यात कुणी लबाडी केली होती असे मी म्हणणार नाही. आकडा पत्रात होता. लबाडी असलीच तर ती माझ्या आळसाची होती. ‘हप्ता बदलणार नाही’ हे शब्द कानाला गोड लागले आणि मी पुढे वाचले नाही.

माझे आजोबा शिरूर तालुक्यातले. त्यांच्या तोंडी ‘दामदुपट’ हा शब्द नेहमी असे. जुन्या हिंदू कायद्यात असा नियम होता, की एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलापेक्षा जास्त होता कामा नये. मुंबई इलाख्यातल्या कोर्टांतही तो चालत असे. पण नियम पुस्तकात राहतो आणि कर्जरोखा सावकाराच्या पेटीत. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकरी सावकारांवर चालून गेले आणि ठिकठिकाणी त्यांनी प्रथम हात घातला तो कर्जरोख्यांना. ते लोण पुणे आणि अहमदनगर (आजचे अहिल्यानगर) जिल्ह्यांत पसरले. सरकारने चौकशी बसवली आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. त्या बिचाऱ्यांना कागदावर काय लिहिले आहे ते वाचता येत नव्हते. मला येत होते. मी वाचले नाही, एवढाच काय तो शंभर-सव्वाशे वर्षांतला फरक!

दामदुपट हप्त्याने भरलेल्या व्याजाला लागू पडत नसे, हेही सांगितले पाहिजे. वीस वर्षांत थोडे थोडे करून मुद्दलाहून जास्त व्याज आपण आनंदाने भरतो आणि ते आपल्या ध्यानातही येत नाही.

आजचा हिशेब

माझे दहा लाख आज जुने झाले. म्हणून नव्या वाचकांसाठी एक नवा हिशेब मांडतो. समजा, ३० लाख रुपये ९ टक्क्यांनी घेतले आणि दर शेवटपर्यंत तोच राहिला.

१५ वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ३०,४२८ रुपये आणि एकूण व्याज सुमारे २४ लाख ७७ हजार.

२० वर्षांची घेतली तर हप्ता २६,९९२ रुपये आणि एकूण व्याज सुमारे ३४ लाख ७८ हजार.

३० वर्षांची घेतली तर हप्ता २४,१३९ रुपये आणि एकूण व्याज सुमारे ५६ लाख ९० हजार.

हे तीन आकडे एकाखाली एक लिहून पाहा. वीसची तीस वर्षे केल्याने हप्ता २,८५३ रुपयांनी हलका होतो, आणि त्या हलकेपणाची किंमत पडते २२ लाखांहून जास्त. वीस वर्षांच्या कर्जात दहा वर्षे हप्ते भरल्यावर आपण म्हणतो, ‘निम्मे फिटले.’ प्रत्यक्षात ३२ लाख ३९ हजार भरून झालेले असतात आणि ३० लाखांपैकी २१ लाख ३१ हजार अजून देणे असतात.

उलट बाजूही पाहा. त्याच वीस वर्षांच्या कर्जात दरवर्षी बारा हप्त्यांवर एक तेरावा हप्ता मुद्दलात भरला, तर कर्ज साधारण साडेसोळा वर्षांत संपते आणि सात लाखांच्या आसपास वाचतात. दिवाळीचा बोनस कुठे घालावा, हा प्रश्न ज्यांना पडतो त्यांनी याचा विचार करावा. ऋण काढून सण करण्यापेक्षा सणाला ऋण फेडणे वाईट नाही.

आता कर्जाची बाजू घेऊन दोन शब्द. आज भरायचा रुपया आणि वीस वर्षांनी भरायचा रुपया सारखा नव्हे. पगार वाढतात, महागाई वाढते, हप्ता तेवढाच राहतो. पहिल्या वर्षी कंबर मोडणारा हप्ता पंधराव्या वर्षी सुसह्य वाटतो. शिवाय तेवढी वर्षे घरभाडे वाचते आणि दर अकरा महिन्यांनी बिऱ्हाड हलवण्याची धास्ती राहत नाही. म्हणून कर्ज काढूच नये असे मी म्हणत नाही. कर्जाशिवाय आम्हां मास्तर मंडळींना घर दिसलेच नसते.

काही मित्र सांगतात, करसवलत मिळते म्हणून कर्ज राहू द्यावे. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते, हे खरे. नव्या पद्धतीत ती मिळत नाही. पण मिळाली तरी तीस पैसे वाचावेत म्हणून रुपया व्याज भरणे, हा हिशेब मला तरी पटत नाही.

पाच तोळे

असो. २०१० मध्ये आम्ही काय केले ते सांगतो. प्रथम मी संस्थेच्या कार्यालयात गेलो. नव्या गिऱ्हाइकांना कमी दर होता आणि आम्हा जुन्यांना जास्त. काही हजार रुपये फी भरून अर्ज दिला, तेव्हा दर १० टक्के झाला. न मागता तो कुणी दिला नसता. मग हप्ता ११,००० केला. आणि दीड लाख रुपये एकदम भरले. त्यातले साठ हजार मुदतठेवीचे होते. उरलेले नव्वद हजार सौ.च्या पाच तोळ्यांचे. चार बांगड्या आणि एक साखळी. तेव्हा तोळ्याला सुमारे अठरा हजार मिळत.

बांगड्या तिने स्वतः काढून दिल्या. मी पेढीवर गेलो तेव्हा ती बरोबर आली नाही.

मार्च २०१७ मध्ये, मी निवृत्त होण्याच्या दोन वर्षे आधी, शेवटचा हप्ता गेला. सगळे मिळून आम्ही सुमारे १७ लाख २९ हजार भरले. मूळ करारानुसार भरायचे होते १७ लाख २० हजार. नुसता हप्ता भरीत बसलो असतो तर २०२४ पर्यंत २२ लाख ९३ हजार भरावे लागले असते. कागदावर आम्ही जिंकलो. पण २०२५ मध्ये सोने तोळ्याला लाखाच्या पुढे गेले. त्या पाच तोळ्यांचे आज पाच लाखांहून जास्त झाले असते. हा आकडा घराच्या किमतीत धरायचा की नाही? मी धरतो. सौ. म्हणते, “बांगड्यांचं मला काही नाही. मी विचारलं होतं, तेव्हा तुम्ही उत्तर दिलं नाहीत, त्याचं आहे.” हा खर्च कोणत्या खात्यात मांडावा, ते मला अजून समजलेले नाही.

आता सोय आहे

आजच्या कर्जदाराला आमच्यापेक्षा पुष्कळ सोयी आहेत. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी फेड केल्याबद्दल बँकांनी दंड घेऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने २०१२ साली ठरवले. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात तिचा रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला आणि हजारो घरांत आमच्यासारखीच मुदत वाढली. त्यानंतर ऑगस्ट २०२३ मध्ये तिने बँकांना बजावले, की दर बदलला तर हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवा. हप्ता वाढवायचा की मुदत, हे त्याला निवडू द्या. आणि किती मुद्दल फिटले, किती हप्ते उरले याचा तक्ता दर तिमाहीला द्या. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर ‘की फॅक्ट्स स्टेटमेंट’ नावाचा कागद द्यावा लागतो. त्यात फी वगैरे धरून कर्ज वर्षाला खरोखर किती टक्क्यांनी पडते, ते लिहिलेले असते. कर्ज फिटल्यावर घराची मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत करावी लागतात; संस्थेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई. आम्हाला ती मिळवायला कितीतरी खेपा घालाव्या लागल्या.

सोय आहे, पण कागद वाचण्याचे काम दुसरे कुणी करणार नाही.

आमच्याकडे लक्ष्मीपूजनाला वही पुजतात. घराची फाइल परत आल्यापासून ती वहीशेजारी असते, आणि फायलीत सर्वांत वर २००८ चे ते पत्र. पूजा झाली की सौ. मला ते वाचायला लावते. वरून खालपर्यंत, बारीक अक्षरासकट. गेल्या वर्षी मुलगी आणि जावई आले होते. त्यांनी नुकतेच ठाण्याला घर घेतले आहे. जावईबापू म्हणाले, “बँकेनं कळवलंय, हप्ता काही बदलणार नाही.”

सौ. फराळाचे ताट भरीत होती. हात न थांबवता तिने विचारले, “आणि किती हप्ते उरले?”

या वेळी मी मध्ये बोललो नाही. मुलगी उठली आणि फाइल शोधू लागली.