आधीच उलगडलेला रोल

फुजीने १९८६ मध्ये जपानमध्ये ‘उत्सुरुन्देसु’ हा एकदाच वापरायचा फिल्म कॅमेरा विकायला काढला, पुढच्याच वर्षी कोडॅकचा ‘फ्लिंग’ आला, आणि ‘वापरा नि फेका’ हे बिरूद या कॅमेऱ्याला कायमचं चिकटलं. कल्पना तशी जुनीच: १८८८चा पहिला कोडॅक शंभर फोटोंचा रोल भरूनच मिळे आणि तो संपला की अख्खा कॅमेरा कारखान्यात धाडावा लागे. आज खिशात उत्तम फोन असलेली पोरं हा खोका पुन्हा विकत घेतात. त्याला जुन्या दिवसांची ओढ म्हणतात. पण विशीतल्या मुलांना रोलचे दिवस आठवणार कसे? त्यांना आवडतं ते हे, की या यंत्रात एकदा टिपलेलं बदलता येत नाही.

साध्या फिल्म कॅमेऱ्यात फिल्म डबीतून बाहेर सरकते आणि शेवटी उलटी गुंडाळावी लागते. घाईत झाकण उघडलं की सगळं मुसळ केरात. इथे कारखान्यातच, अंधारात, पूर्ण फिल्म डबीबाहेर काढून ठेवलेली असते. अंगठ्याने दातेरी चाक फिरवलं की टिपलेली चौकट डबीत जाऊन सुरक्षित होते. सत्ताविसाव्या, म्हणजे शेवटच्या, फोटोनंतर गुंडाळायचं काही उरतच नाही. भिंग प्लास्टिकचं नि पक्कं बसवलेलं, शटरचा वेग एकच. उजेडाची चूकभूल निगेटिव्ह फिल्म पोटात घालते. ओवे गावातल्या हळदीत असा कॅमेरा फिरवला, तर फ्लॅश जेमतेम तीन मीटर पोचेल. स्टेज काळोखात जाईल, पण शेजारी नाचणाऱ्या मावशीचा हळदीने माखलेला चेहरा लख्ख येईल. स्टेजकडे तोंड करून उभ्या फोटोग्राफरकडून नेमका तोच निसटतो. फिल्मसारखा रंग फोनवरचं अ‍ॅपही देतं, हे खरं. पण अ‍ॅपमधला फोटो लगेच पाहता येतो, नावडला तर पुसता येतो. इथे दोन्ही जमत नाही, म्हणून माणसं बटण दाबतात आणि पुन्हा नाचायला लागतात.

आक्षेप जड आहे तो कचऱ्याचा. सत्तावीस फोटोंसाठी प्लास्टिक, बॅटरी आणि सर्किट? याला एक उत्तर होतं: फिल्म धुवायला अख्खा कॅमेरा लॅबमध्ये द्यायचा, आणि लॅबने रिकामा सांगाडा पुनर्वापरासाठी कंपनीकडे पाठवायचा. सगळी मदार लॅबवर, आणि डिजिटलने त्यातल्याच बहुतेक बंद पाडल्या. रंगीत फिल्मचं रसायन ३८ अंशांच्या आसपास काटेकोर राखावं लागतं. पुरेसे रोल आले नाहीत तर ते पडून खराब होतं, मग उरलेल्या लॅबही दर वाढवतात. घरी सांगाडा उघडणं हा उपाय नव्हे: फ्लॅशच्या कपॅसिटरमध्ये सुमारे ३०० व्होल्ट साठलेले असू शकतात, बॅटरी काढल्यावरही जबर झटका बसू शकतो. तेव्हा कॅमेरा घेण्याआधी लॅबवाल्याला दोन गोष्टी विचारा: सांगाडा पुढे कुठे जातो, आणि निगेटिव्ह परत मिळणार का? धड उत्तर मिळालं नाही तर घेऊ नका.