दोघींची एक कविता

मार्शा अँब्रोशियस गाते आणि नॅटली स्टुअर्ट कविता म्हणते. ‘फ्लो’ आणि ‘पोएट्री’ या शब्दांच्या जोडातून त्यांच्या जोडीचं नाव तयार झालं, ‘फ्लोएट्री’. मार्शाला ‘साँगस्ट्रेस’ म्हणत, नॅटलीला ‘फ्लोॲसिस्ट’. मार्शा मूळची लिव्हरपूलची. दोघींची ओळख जमली ती बास्केटबॉलच्या वेडातून.

लंडनमध्ये सुरुवात करून 2000 च्या सुमारास त्या अमेरिकेत गेल्या आणि फिलाडेल्फियात स्थिरावल्या. तेव्हा त्या शहरात निओ-सोल संगीत बहरात होतं. गायिका जिल स्कॉट तिथलीच, आणि तीही कविता व गाणं एकत्र बांधणारी. ‘ब्लॅक लिली’ नावाच्या साप्ताहिक मैफलीत स्त्री कलाकारांना हक्काचं व्यासपीठ मिळे. तिथे या दोघीही उभ्या राहिल्या. डीजे जॅझी जेफच्या ‘अ टच ऑफ जॅझ’ स्टुडिओत त्यांचा पहिला अल्बम घडला. ‘फ्लोएटिक’ हा तो अल्बम, 2002 सालचा.

त्याचं शीर्षकगीत नीट ऐकावं. नॅटली घाई करत नाही. तिचा ब्रिटिश उच्चार, शब्दावर क्षणभर रेंगाळून पुढच्या शब्दाकडे जाण्याची सवय, श्वास घेण्याच्या जागा, सगळं ठेक्यात बसलेलं असतं, पण ठेक्याच्या ताब्यात नसतं. मार्शाचा आवाज तिच्या ओळींच्या मागून, मधून येतो आणि पुढे होऊन ध्रुवपद उचलतो. इथे कविता ही गाण्याची प्रस्तावना नाही आणि गाणं हे कवितेचं पार्श्वसंगीत नाही. माझ्या मते या जोडीचं खरं कर्तृत्व हेच.

लोकप्रियता मात्र अधिक मिळाली ती ‘से येस’ला, म्हणजे प्रामुख्याने मार्शाच्या गाण्याला. गाणं सुंदरच आहे. पण केवळ त्यावरून फ्लोएट्रीला ओळखणं म्हणजे नॅटलीवर अन्याय आहे, असं मला मनापासून वाटतं. मार्शाची लेखणीही तितकीच समर्थ. मायकल जॅक्सनच्या 2001 च्या ‘इन्व्हिन्सिबल’ अल्बममधलं ‘बटरफ्लाइज’ तिने आंद्रे हॅरिससोबत लिहिलं, त्यातल्या साथीच्या स्वरांतही तिचा आवाज आहे.

2003 मध्ये या जोडीचा थेट मैफलीचा अल्बम ‘फ्लोॲसिझम’ आला, 2005 मध्ये ‘फ्लो’ऑलॉजी’. त्यानंतर वाटा वेगळ्या झाल्या. नॅटलीने 2010 मध्ये ‘फ्लोएटिक सोल’ काढला, मार्शाचा एकल अल्बम 2011 मध्ये आला. 2015 मध्ये दोघी पुन्हा एकत्र दौऱ्यावर निघाल्या, पण तो मेळ टिकला नाही.

‘से येस’ तुम्ही ऐकलं असेल, तर आज ‘फ्लोएटिक’ लावा. पहिल्यांदा फक्त नॅटलीचा आवाज धरून ऐका, दुसऱ्यांदा दोघींचा.