हरवलेल्या 'लायब्ररी'चा शोध

महिनाअखेरीस पगारपत्रक तयार करणारी एक्सेलची फाइल कालपर्यंत सुरळीत चालत असते. कार्यालयात नवे संगणक येतात आणि फाइलमधील नेहमीचे बटण दाबताच 'कान्ट फाइंड प्रोजेक्ट ऑर लायब्ररी' असा संदेश पडद्यावर झळकतो. फाइल लिहिणारा कर्मचारी केव्हाच नोकरी सोडून गेलेला असतो. फाइल बिघडली असे समजून सारी आकडेमोड पुन्हा हाताने सुरू होते. प्रत्यक्षात बहुतेक वेळा तिच्यातील एक ओळही बिघडलेली नसते. तिला लागणारी एक लायब्ररी नव्या संगणकावर सापडत नसते, इतकेच.

लायब्ररी म्हणजे आधीच लिहून ठेवलेल्या सूचनांचा संच. ई-मेल पाठवणे किंवा दिनदर्शिका दाखवणे यासाठी प्रत्येकाने नव्याने प्रोग्रॅम लिहिण्याची गरज नसते. तयार लायब्ररीचा संदर्भ दिला की काम भागते. एक्सेलमध्ये १९९३ च्या ५.० या आवृत्तीपासून आलेली 'व्हीबीए' ही भाषा याच तत्त्वावर चालते. मात्र फाइलसोबत जातो तो केवळ संदर्भ. लायब्ररी मूळ संगणकावरच राहते.

संदर्भ तुटण्याची कारणे ठरावीक आहेत. ऑफिस २०१६ मध्ये जतन केलेली फाइल आउटलुकच्या १६.० या लायब्ररीचा संदर्भ घेऊन येते. ऑफिस २०१३ मध्ये असते १५.०. जुनी फाइल नव्या आवृत्तीत उघडल्यास संदर्भ आपोआप बदलतो. उलट दिशेने तसे होत नाही. दुसरे कारण ३२ आणि ६४ बिटचे. तारीख निवडण्याचे जुने लोकप्रिय साधन 'एमएसकॉमसीटी२.ओसीएक्स' केवळ ३२ बिटसाठी बनलेले असल्याने ६४ बिटच्या ऑफिसमध्ये ते चालत नाही.

संदेशासोबत व्हीबीए बहुधा 'लेफ्ट' किंवा 'डेट' अशा साध्या शब्दावर बोट ठेवते आणि इथेच अनेकांची दिशाभूल होते. दोष त्या शब्दाचा नसतो. एक संदर्भ तुटला की इतर शब्दांचा अर्थ लावण्याचे कामही अडते.

दुरुस्तीचा क्रम

प्रथम फाइलची प्रत काढून ठेवावी. 'ऑल्ट' आणि 'एफ११' दाबून व्हीबीएची खिडकी उघडावी. प्रोग्रॅम अर्ध्यात थांबलेला असल्यास 'रिसेट' करावे, अन्यथा पुढील पर्याय निवडता येत नाही. मग 'टूल्स'मधील 'रेफरन्सेस' उघडावे. यादीत ज्या नावापुढे 'मिसिंग' लिहिलेले असेल, तो तुटलेला संदर्भ. त्यापुढील खूण काढून 'डीबग'मधून 'कम्पाइल' करावे. त्रुटी न आल्यास ती लायब्ररी बहुधा नावापुरतीच जोडलेली होती.

त्रुटी आल्यास लायब्ररी खरोखर लागते. अशा वेळी ती मूळ उत्पादकाच्या इन्स्टॉलरमधूनच बसवावी. इंटरनेटवरील अनोळखी ठिकाणाहून सुटी 'डीएलएल' फाइल उतरवून घेणे म्हणजे व्हायरसला दार उघडून देणे होय.

फाइल अनेक संगणकांवर फिरणार असेल तर संदर्भच न ठेवता 'क्रिएटऑब्जेक्ट' ही आज्ञा वापरणे श्रेयस्कर. त्यामुळे प्रोग्रॅम चालताना त्या संगणकावर असेल त्या आवृत्तीचे आउटलुक शोधले जाते. मात्र 'ओएलमेलआयटम'सारखी लायब्ररीतील नावे मग ओळखली जात नाहीत; त्यांच्या जागी प्रत्यक्ष मूल्य, येथे ०, लिहावे लागते.

परावलंबनाचा हा प्रश्न केवळ कार्यालयांपुरता नाही. मार्च २०१६ मध्ये एका प्रोग्रॅमरने 'एनपीएम' या सार्वजनिक साठ्यातून 'लेफ्ट-पॅड' नावाची आपली अवघ्या ११ ओळींची लायब्ररी काढून घेतली आणि तिच्यावर विसंबलेले जगभरातील असंख्य प्रकल्प अडले. सुमारे दोन तासांनी ती परत ठेवण्यात आली.

दुसऱ्याने केलेल्या कामावर विसंबणे संगणकक्षेत्रात अटळ आहे. परंतु आपण कशावर विसंबून आहोत, याची आवृत्तीसह नोंद फाइलमध्येच ठेवणे प्रत्येकाला शक्य आहे. लिहिणारा गेल्यावर मागे राहिलेल्यांना त्या चार ओळींचाच आधार असतो.