ठाण्याचा राजा माद्रिदमध्ये

कल्याणहून ठाण्याला जाणारी स्लो लोकल पकडा. ठाकुर्ली, डोंबिवली, कोपर, दिवा, मुंब्रा, कळवा, मग खाडीवरचा पूल आणि आलंच ठाणं. तिकीट एक, जिल्हा एक, बोलीही एकच. आता हाच प्रवास आपण १६०० साली करू या. तेव्हा लोकल नव्हती, म्हणून होडीने जाऊ. कल्याणच्या बंदरातून निघालात तेव्हा तुम्ही अहमदनगरच्या निजामशाहीच्या मुलखात होतात. ठाण्याच्या धक्क्याला होडी लागली, तुम्ही खाली उतरलात, आणि पाय ठेवलात तो दुसऱ्याच राजाच्या राज्यात!

आता सांगा, ठाण्याच्या त्या राजाचं नाव काय?

"पोर्तुगीज राजा!" वसईचा किल्ला पाहिलेल्या मुलांनी नक्की असं ओरडून सांगितलं असणार. शाबास, पण गुण अर्धेच. ठाणं पोर्तुगीजांकडे होतं हे खरं. गुजरातचा सुलतान बहादूरशाह याने १५३४ च्या तहात वसई आणि तिच्याभोवतीचा मुलूख पोर्तुगीजांना देऊन टाकला, त्यात साष्टी बेट आलं, आणि साष्टीच्या टोकावरचं ठाणंही आलं. पण १६०० साली पोर्तुगालच्या गादीवर जो बसला होता, तो पोर्तुगीज नव्हताच. तो होता स्पेनचा राजा, तिसरा फिलिप, आणि त्याचा दरबार भरायचा माद्रिदला. एका पाठोपाठ एक असे तीन स्पॅनिश राजे, तिघांचंही नाव फिलिप, १५८० ते १६४० अशी साठ वर्षं ठाण्याचे राजे होते. तिघांपैकी एकानेही मासुंदा तलाव कधी पाहिला नाही.

हे झालं कसं? त्यासाठी एका बाळाच्या बारशापर्यंत मागे जावं लागेल.

पोर्तुगालचा राजा तिसरा जुआंव याला राणीपासून नऊ मुलं झाली, आणि नऊच्या नऊ त्याच्या डोळ्यांदेखत गेली. शेवटचा राजपुत्र गेला तो जानेवारी १५५४ मध्ये, जेमतेम सोळा वर्षांचा होता. त्याची बायको तेव्हा गरोदर होती. तो गेल्यावर अठरा दिवसांनी बाळ जन्मलं, मुलगा! सगळ्या देशाने सुटकेचा श्वास सोडला. त्याचं नाव ठेवलं सेबॅस्टियन, आणि लोकांनी लाडाने त्याला जे टोपणनाव दिलं, त्याला आपण मराठीत 'नवसाचा' म्हणू. कारण सारा देश त्याची वाट पाहत होता. आजोबा वारले तेव्हा हा राजा झाला. वय वर्षं तीन.

हा नवसाचा राजा मोठा होऊन धाडसी निघाला, जरा जास्तच धाडसी. चोविसाव्या वर्षी, लग्नही झालेलं नसताना, तो फौज घेऊन समुद्रापलीकडे मोरोक्कोत लढायला गेला. ४ ऑगस्ट १५७८ ला अल्-कसर अल्-कबीर इथे रणरणत्या उन्हात लढाई झाली. त्या एका दिवसात तीन राजे मेले: दोन मोरोक्कोचे आणि तिसरा सेबॅस्टियन. राजा गेला यावर पोर्तुगालमधल्या पुष्कळांचा विश्वासच बसेना. तो कुठेतरी जिवंत आहे, एक दिवस परत येईल, असं लोक म्हणत राहिले. मग काय, "मीच तो सेबॅस्टियन" म्हणणारे एकामागून एक उगवले. असे चार तोतये इतिहासात नोंदले गेले आहेत!

ओळखीचं वाटतंय ना? पानिपतात सदाशिवरावभाऊ पडले, पण "भाऊ जिवंत आहेत" ही आशा महाराष्ट्रानेही सोडली नव्हती, आणि इथेही भाऊंचा तोतया उभा राहिला. कोकणातले किल्ले एकेक करत त्याच्या हाती गेले. शेवटी १७७६ मध्ये तो आंग्र्यांच्या हाती लागला. माणूस आवडता असला की त्याचं जाणं मनाला पटत नाही, मग तो देश कुठलाही असो.

तर इकडे पोर्तुगालची गादी रिकामी. राजाला मूल नाही, भाऊ नाही. शोधता शोधता सापडले एक चुलत आजोबा, आजोबांचे धाकटे भाऊ हेन्रिक. वय सहासष्ट. आणि ते होते कार्डिनल, म्हणजे फार मोठे ख्रिस्ती धर्मगुरू. धर्मगुरूने लग्न करायचं नाही असा नियम. वारस हवा म्हणून म्हाताऱ्या हेन्रिक राजाने लग्नाची परवानगी रोमच्या पोपकडे मागितली. ती मिळालीच नाही.

इथे तुम्ही म्हणाल, मग मूल दत्तक घ्यायचं! आपल्याकडे तेच झालं असतं. साताऱ्याच्या शाहू महाराजांना मुलगा नव्हता, तर त्यांच्यामागे रामराजांना दत्तक म्हणून गादीवर बसवलं. पण युरोपातल्या राजघराण्यांत दत्तक पुत्राला सहसा गादी मिळत नसे. तिथे गादी जाई ती रक्ताच्या नात्याने. म्हणून वंशवृक्ष मांडून, फांदी फांदी तपासून, वारस शोधायचा. (इंग्रजांनी पुढे, १८४८ मध्ये, दत्तक नामंजूर केला आणि साताऱ्याचं राज्य गिळलं. पण ती गोष्ट पुन्हा कधीतरी.)

३१ जानेवारी १५८० ला हेन्रिक वारले. त्या दिवशी त्यांचा अडुसष्टावा वाढदिवस होता.

आता कागद-पेन्सिल घ्या. वंशवृक्षात सगळ्यात वर लिहा मानुएल, म्हणजे सेबॅस्टियनचे पणजोबा. गादीवर हक्क सांगणारी तीन मुख्य नातवंडं या मानुएलचीच.

पहिला आंतोनियो. मानुएलच्या मुलाचा मुलगा, लोकांचा लाडका. पण त्याच्या आईवडिलांचं लग्न झालेलं नव्हतं, आणि त्या काळच्या कायद्याला ते चालत नव्हतं.

दुसरी कातारिना, ब्रगांझा घराण्याची डचेस. तीही मानुएलच्या मुलाचंच अपत्य, आईवडिलांचं लग्न अगदी रीतसर. पण ती मुलगी.

तिसरा स्पेनचा राजा दुसरा फिलिप. हा पुरुष, पण मानुएलच्या लेकीचा मुलगा. शिवाय सेबॅस्टियनची आई याची सख्खी बहीण, म्हणजे हा त्याचा मामाही लागत होता.

काय निवाडा कराल? मुलाची मुलगी आधी, की मुलीचा मुलगा? मोठमोठ्या कायदेपंडितांनी यावर रकानेच्या रकाने लिहिले. माझं मत विचाराल तर कातारिनाचा हक्क वरचढ होता. मुलाची फांदी मुलीच्या फांदीच्या आधी, असं एकदा मानलं की त्या फांदीवर मुलगी बसली आहे म्हणून ती फांदी छाटायची, हे मला पटत नाही. पण निकाल पंडितांनी दिलाच नाही. फिलिपकडे सगळ्यात मोठी फौज होती. २५ ऑगस्ट १५८० ला लिस्बनजवळ आल्कांतरा इथे आंतोनियोची फौज हरली, आणि एप्रिल १५८१ मध्ये तोमार या गावी पोर्तुगालच्या सभेने फिलिपला राजा म्हणून मान्य केलं. भाच्याचं राज्य मामाच्या घरी गेलं.

तोमारला फिलिपने वचन दिलं: दोन्ही देशांचा राजा एक, पण राज्यं वेगळीच राहतील. पोर्तुगालचा आणि पोर्तुगीज हिंदुस्थानचा कारभार पोर्तुगीज माणसंच पाहतील. त्यामुळे एक गंमत झाली. हाच माणूस स्पेनमध्ये दुसरा फिलिप आणि पोर्तुगालमध्ये पहिला फिलिप! स्पेनमध्ये त्याच्याआधी एक फिलिप होऊन गेला होता, पोर्तुगालमध्ये एकही नव्हता. राजाच्या नावापुढचा आकडा म्हणजे शाळेतला हजेरी क्रमांकच. वर्ग बदलला की आकडा बदलतो. मग ठाण्यात तो कितवा? ठाणं पोर्तुगालच्या वर्गात, म्हणून पहिला.

आणि किताब? ते तर मोजता मोजता दमाल. कॅस्टिलचा राजा, लिऑनचा राजा, अॅरागॉनचा, सिसिलीचा, नवाराचा, ग्रानादाचा, जेरुसलेमचा... थांबा, जेरुसलेम? ते तर तेव्हा तुर्कांकडे होतं. हो, पण नेपल्सच्या राजांकडे तो किताब पूर्वीपासून होता, आणि नेपल्ससोबत तो स्पेनच्या राजाकडे आला. हातात गाव नाही, नुसतं नाव! उलट ठाणं हातात होतं, पण राजाच्या लांबलचक किताबात ठाण्याचं नाव कुठेच नव्हतं. पोर्तुगालच्या राजाच्या किताबात 'इथिओपिया, अरबस्तान, इराण आणि हिंदुस्थान इथल्या विजयाचा, नौकानयनाचा आणि व्यापाराचा स्वामी' असे शब्द असत. आपलं ठाणं त्यातल्या 'हिंदुस्थान' या एका शब्दात मावलं होतं.

राज्य मिळाल्यावर फिलिप दोन वर्षं लिस्बनमध्ये राहिला. तिथून त्याने आपल्या दोन लेकींना प्रेमाने लिहिलेली पत्रं आजही जपून ठेवलेली आहेत. आपल्याला नाइटिंगेल पक्ष्याच्या गाण्याची फार आठवण येते, असं त्यात त्याने लिहिलं आहे. अर्ध्या जगाचा राजा, आणि करमत नव्हतं ते एका पाखरावाचून!

ठाण्यात मात्र राजा बदलल्याचं कुणाला जाणवलं असेल? लिस्बनहून निघालेलं जहाज गोव्याला पोचायला सहा-सहा महिने लागत. १५८१ मध्ये गोव्यात फिलिपच्या नावाने शपथ घेतली गेली. पण वसईचा कॅप्टन पोर्तुगीजच राहिला, पाद्री तेच राहिले, भाषाही तीच.

फटका बसला तो दुसऱ्याच बाजूने. डच आणि इंग्रज हे स्पेनचे वैरी. पोर्तुगालचा राजा आणि स्पेनचा राजा एकच झाल्यावर ते पोर्तुगालचेही वैरी झाले. डच व्यापारी आधी लिस्बनच्या बाजारातून मसाले घेत. तो बाजार त्यांना बंद झाला, तेव्हा त्यांनी स्वतःच पूर्वेकडे जहाजं हाकारली. १६२६ मध्ये इंग्रज आणि डच मिळून मुंबई बेटावर चालून आले आणि तिथला पोर्तुगीजांचा मोठा वाडा त्यांनी जाळला. भांडण युरोपातलं, जळली मुंबई.

मग १ डिसेंबर १६४० ला लिस्बनमध्ये उठाव झाला. स्पॅनिश राजाला झुगारून पोर्तुगिजांनी आपला राजा निवडला, चौथा जुआंव. हा कोण? आपल्या त्या कातारिनाचा नातू! साठ वर्षांपूर्वी बाजूला सारलेली फांदी पुन्हा पालवली. बातमी गोव्याला पोचायला पुढचं वर्ष उजाडलं, म्हणजे मधले कितीतरी महिने इथली माणसं जुन्याच राजाला राजा मानत होती.

स्पेनने हार मानली नाही, लढाई अठ्ठावीस वर्षं चालली. पोर्तुगालला बलवान मित्र हवा होता. म्हणून जुआंवच्या मुलीचं, तिचं नावही कातारिना, इंग्लंडच्या दुसऱ्या चार्ल्स राजाशी लग्न ठरलं, आणि १६६१ च्या करारात हुंडा म्हणून मुंबई बेट देण्यात आलं. १६६८ मध्ये स्पेनने पोर्तुगालचं स्वातंत्र्य मान्य केलं. त्याच वर्षी चार्ल्सने मुंबई ईस्ट इंडिया कंपनीला वर्षाला दहा पौंड भाड्याने देऊन टाकली. मोरोक्कोच्या उन्हात पडलेल्या एका बिनलग्नाच्या राजापासून निघालेला धागा असा आपल्या शेजारच्या मुंबईपर्यंत येतो.

ठाणं मात्र हुंड्यात गेलं नाही, ते पोर्तुगीजांकडेच राहिलं. १७३० च्या सुमारास त्यांनी इथे किल्ला बांधायला घेतला, पण १७३७ मध्ये चिमाजीअप्पांच्या मराठी फौजेने ठाणं जिंकलं. भिवंडीजवळच्या अंजूरच्या गंगाजी नाईकांनी त्यासाठी जिवाचं रान केलं होतं. तो किल्ला आज ठाण्याचं मध्यवर्ती कारागृह आहे. आणि मजा बघा, 'तुरुंग' हा शब्दही आपल्याकडे पोर्तुगीज भाषेतूनच आला. चावी, साबण, पगार, इस्त्री हे शब्दही तिथलेच.

ज्या स्पॅनिश घराण्याने ठाण्यावर राज्य केलं, त्याची गत शेवटी सेबॅस्टियनसारखीच झाली. १७०० मध्ये दुसरा कार्लोस मूलबाळ नसताना वारला आणि गादीसाठी युरोपभर मोठं युद्ध पेटलं. पोर्तुगालमध्ये १९१० पासून राजाच नाही. स्पेनमध्ये आहे, सहावा फिलिप. तिथल्या वारसाला सहाशे वर्षांहून अधिक काळ 'अस्तुरियास'चा राजपुत्र किंवा राजकन्या म्हणतात. सध्या तो किताब राजाच्या थोरल्या मुलीकडे आहे. तिचं नाव लिओनोर, जन्म २००५ चा. पण स्पेनच्या संविधानात अजून एक जुना नियम शिल्लक आहे: सख्ख्या भावंडांत मुलगा मुलीच्या आधी. लिओनोरला एक धाकटी बहीण आहे, भाऊ नाही. म्हणून गादी तिची. भाऊ असता, तर तो लहान असूनही गादी त्यालाच मिळाली असती.

तर मित्रमैत्रिणींनो, मघाशी काढलेला तो वंशवृक्ष फाडू नका. तो आईबाबांना, आजीला, वर्गातल्या मित्रांना दाखवा आणि विचारा: १५८० साली गादी कुणाची, फिलिपची की कातारिनाची? तुमचा निकाल कारणांसह एका पोस्टकार्डावर लिहून आमच्याकडे धाडा. कारणं पटणारी असतील तर माझं मत बदलायला मी तयार आहे.