डीएपी नाही, तर किती गोण्या? तुरीच्या खताचा हिशेब दोन समीकरणांत

मृग लागला की अकोला, मूर्तिजापूर, दर्यापूर, अमरावती या पट्ट्यातून एकच प्रश्न वारंवार येतो. "सर, डीएपी भेटून नाही राहिलं. दुकानदार म्हणते २०:२०:०:१३ घेऊन जा. चालते का?"

चालते, पण गोणीला गोणी असे नाही. डीएपीच्या जागी तेवढ्याच गोण्या दुसऱ्या खताच्या टाकल्या तर नत्राचा मेळ बसतो आणि स्फुरद निम्म्यावर येते, किंवा उलट होते. तुरीला मुळांसाठी आणि गाठींसाठी स्फुरद लागते. ते पेरणीच्या वेळी कमी पडले तर नंतर वरून टाकून भरून निघत नाही, कारण स्फुरद जमिनीत फारसे सरकत नाही.

म्हणजे आपल्याला दोन खतांचे वजन काढायचे आहे आणि अटीही दोन आहेत: नत्र पुरे व्हावे, स्फुरदही पुरे व्हावे. दहावीच्या गणितात 'दोन चलांतील रेषीय समीकरणे' होती, त्यातली एका चलाचा लोप करण्याची रीत नेमकी इथे लागते. गणिताचे नाव ऐकून पान बंद करू नका. यात एक वजाबाकी आणि दोन भागाकार आहेत, बस.

आधी मागणी, मग समीकरण

तुरीची शिफारस हेक्टरी २५ किलो नत्र, ५० किलो स्फुरद आणि ३० किलो पालाश अशी आहे. एकराला अडीचने भागले की १० किलो नत्र, २० किलो स्फुरद, १२ किलो पालाश. माती परीक्षणाच्या अहवालात यापेक्षा वेगळी मात्रा सुचवली असेल तर तोच आकडा धरा, पुढची रीत बदलत नाही.

गोणीवरचे आकडे म्हणजे शेकडा प्रमाण. डीएपी १८:४६:०, म्हणजे १०० किलोत १८ किलो नत्र आणि ४६ किलो स्फुरद. २०:२०:०:१३ मध्ये नत्र २०, स्फुरद २०, पालाश शून्य, आणि शेवटचा १३ हा गंधकाचा.

समजा एकराला 'ड' किलो डीएपी आणि 'व' किलो वीस-वीस लागते. शेकड्याचे अपूर्णांक टाळायला दोन्ही बाजूंना १०० ने गुणून घेतले आहे:

नत्र: १८ड + २०व = १०००
स्फुरद: ४६ड + २०व = २०००

दोन्ही ओळींत 'व' समोर २० आहे. खालच्या ओळीतून वरची वजा केली की 'व' निघून जातो. उरते २८ड = १०००, म्हणजे ड = ३५.७ किलो. हा आकडा वरच्या ओळीत घाला: १८ × ३५.७ = ६४३. हजारातून ६४३ गेले, उरले ३५७, त्याला २० ने भागले की व = १७.९ किलो.

ताळा करून बघा. डीएपीतून नत्र ६.४ किलो, वीस-वीसमधून ३.६, एकूण १०. स्फुरद १६.४ अधिक ३.६, एकूण २०. बरोबर.

तीन एकराला हे डीएपी १०७ किलो आणि वीस-वीस ५४ किलो होते. म्हणजे ५० किलोच्या मापाने तीन एकर तुरीला दोन गोण्या डीएपी आणि एक गोणी २०:२०:०:१३. थोडे कमी पडते, पण शेतावर एवढा फरक चालतो. पालाशसाठी एकरी २० किलो म्युरेट ऑफ पोटॅश वेगळे घ्या.

आता दुकानदाराचे ऐकून तिन्ही गोण्या वीस-वीसच्या घेतल्या असत्या तर? नत्र ३० किलो, अगदी हवे तेवढे. स्फुरदही ३०, आणि हवे होते ६०. पीक सुरुवातीला हिरवेगार दिसेल, म्हणून चूक लवकर लक्षातही येत नाही.

डीएपी अजिबातच नसेल तर

तेव्हा १०:२६:२६ बघा. त्याला 'द' म्हणू:

नत्र: १०द + २०व = १०००
स्फुरद: २६द + २०व = २०००

वजा केले की १६द = १०००, द = ६२.५ किलो. मग व = १८.७५ किलो. तीन एकराला साधारण चार गोण्या १०:२६:२६ आणि एक गोणी वीस-वीस. पालाश यातच येते, उलट गरजेपेक्षा थोडे जास्तच जाते, त्यामुळे पोटॅशची गोणी वाचते. दोन्ही जोड्यांचा खर्च गोणीवरच्या किमतीने मांडून बघा, मगच ठरवा.

उत्तर उणे आले तर

हीच डीएपी आणि वीस-वीसची जोडी कोरडवाहू कपाशीला लावून पाहा. हेक्टरी ६०:३०:३० धरले तर एकराला नत्र २४, स्फुरद १२. वजाबाकी करताच २८ड = उणे १२००. उणे ४३ किलो डीएपी कोण टाकणार? हिशेब चुकलेला नाही. या जोडीतून कपाशीची मागणी भागूच शकत नाही, एवढेच तो सांगतो. डीएपीत स्फुरद नत्राच्या अडीचपट आहे, वीस-वीसमध्ये बरोबरीचे, आणि कपाशीला ते नत्राच्या निम्मेच हवे. पिकाचे प्रमाण दोन खतांच्या प्रमाणांच्या मध्ये पडले तरच उत्तर मिळते. कपाशीला वीस-वीस ६० किलो आणि उरलेल्या १२ किलो नत्रासाठी युरिया २६ किलो, हा सरळ मार्ग. युरिया अर्थातच हप्त्याने.

याच कारणाने डीएपी आणि १०:२६:२६ ही जोडी तुरीला लावू नका. दोन्हीत स्फुरद अडीचपटीच्या आसपास, म्हणजे एकाच वळणाची खते. तुरीला दुप्पट हवे, ते यांच्या मध्ये बसत नाही.

सोयाबीनचे मात्र गंमतशीर आहे. ३०:७५ हे प्रमाण डीएपीच्या इतके जवळ आहे की हिशेब केला तर एकरी ६४ किलो डीएपी आणि वीस-वीस जेमतेम दोन किलो येते. दोन किलोसाठी गोणी फोडायची गरज नाही. पालाश आणि गंधक तेवढे वेगळे द्या.

आकडे सारखे नसतील तेव्हा

वर २० चा आकडा दोन्हीकडे सारखा होता, म्हणून थेट वजाबाकी झाली. नसेल तर आधी गुणून सारखा करायचा. याचे उदाहरण खताच्या बिलावरच घेऊ. एकाच दुकानातून एकाच दिवशी दोन भावांनी माल आणला आणि चिठ्ठीवर फक्त एकूण रक्कम आहे:

४ डीएपी + ३ युरिया = ६३०० रुपये
२ डीएपी + ५ युरिया = ४२०० रुपये

खालची ओळ दुप्पट करा: ४ डीएपी + १० युरिया = ८४०० रुपये. त्यातून वरची वजा करा. डीएपी गेले, उरले ७ युरिया = २१०० रुपये. म्हणजे गोणी ३०० रुपयांना पडली. ४५ किलोच्या नीमयुक्त युरियाची छापील किंमत २६६ रुपये ५० पैसे आहे, म्हणजे गोणीमागे साडेतेहतीस रुपये जास्त गेले. डीएपी १३५० ला पडले.

एका चिठ्ठीवरून हे कळत नाही, दोन लागतात, आणि भाव दोघांना सारखा लावलेला असावा लागतो. ३ आणि ५ गोण्यांच्या जागी ४ डीएपी + २ युरिया आणि २ डीएपी + १ युरिया अशा चिठ्ठ्या असतील तरी उपयोग नाही, कारण दुसरी पहिलीच्या निम्मी आहे, नवीन काहीच सांगत नाही. छापील किमतीपेक्षा जास्त घेणे हा खत नियंत्रण आदेश, १९८५ चा भंग आहे. तक्रार तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे करता येते, पण त्यासाठी पॉस मशीनचे प्रत्येक खताचा दर लिहिलेले बिल हातात हवे. ते दुकानातून निघण्यापूर्वीच मागून घ्या.