दस्तुरीच्या पुढे गाडी जात नाही

दारातून पिकअप, एसी गाडी, सोबत गाइड, सगळे पॉइंट आणि रात्री परत घरी. माथेरानच्या प्रायव्हेट टूरची जाहिरात साधारण अशीच असते, आणि अंधेरी-बोरिवलीपासून मुलुंड-घाटकोपरपर्यंत ती सुट्टीच्या आधी मोबाइलवर हमखास फिरते. घरात गुडघे दुखणारी आजी असते, कडेवरचं मूल असतं, लोकलची धक्काबुक्की नको असते. अशा वेळी चार पैसे जास्त देऊन खासगी सोय करून घेण्यात काहीच वावगं नाही. पण माथेरानपुरतं बोलायचं तर ते पैसे नेमके कशाचे देतो आहोत, हे समजून घेतलेलं बरं. माझं मत स्पष्ट आहे: इथे पैसे मोजायचे असतील तर ते सोबत चालणाऱ्या जाणत्या माणसासाठी मोजावेत, दिवसभर उभ्या राहणाऱ्या गाडीसाठी नाही.

सगळ्यात मोठा गैरसमज गाडीचाच आहे. “प्रायव्हेट गाडी केली म्हणजे ती आपल्याला पॉइंटवरून पॉइंटवर फिरवेल” असं लोक धरूनच चालतात. ही समजूत महाबळेश्वरने रुजवली आहे. तिथे टॅक्सीवाल्यांचं ठरलेल्या दरात महाबळेश्वर दर्शन, प्रतापगड दर्शन, पाचगणी दर्शन असतं; ड्रायव्हर पॉइंटवर उतरवतो, वीस मिनिटं देतो, पुढे नेतो. लोणावळ्यालाही तोच प्रकार. माथेरानला हे शक्यच नाही. नेरळहून घाट चढून आलेली प्रत्येक गाडी दस्तुरी नाक्यावर थांबते, मग ती पाहुण्यांची असो, टॅक्सी असो की हॉटेलमालकाची. तिथून बाजारपेठ अडीच-तीन किलोमीटर आत आहे आणि पॉइंट त्याच्याही पुढे पसरलेले आहेत. गावात इंजिनाची गाडी म्हणाल तर ॲम्ब्युलन्ससारखी निकडीची वाहनं, एवढंच. ४ फेब्रुवारी २००३ च्या केंद्राच्या अधिसूचनेने माथेरान आणि भोवतालचा परिसर पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र जाहीर झाला, आणि वाहनबंदीला कायद्याचं भक्कम पाठबळ मिळालं. माथेरानची झाडं आणि तिथली शांतता आजवर टिकली, ती या बंदीमुळे. कुणी ओळखीने गाडी आत घालून देतो म्हणत असेल, तर त्याच्याकडे टूर बुक करू नये.

म्हणजे ‘फुल डे कार’ घेतलीत, तर तिचा बहुतेक दिवस दस्तुरीच्या पार्किंगमध्ये जातो. तरीही आजी-आजोबांसाठी गाडी हवीच असेल तर जरूर घ्या. फक्त नंबरप्लेट बघून घ्या. भाड्याने धंदा करणाऱ्या गाडीला पिवळी पाटी आणि काळी अक्षरं असतात; विजेवरची असेल तर हिरव्या पाटीवर पिवळी अक्षरं. पांढऱ्या पाटीची गाडी म्हणजे कुणाची तरी घरची गाडी. ती भाड्याने चालवणं बेकायदा आहे आणि अपघात झालाच तर विम्याचे पैसे अडकू शकतात. शनिवार-रविवारी दस्तुरीचं पार्किंग भरलं की घाटातच रांग लागते, हेही निघण्याची वेळ ठरवताना लक्षात ठेवावं.

आता दस्तुरी. गैरसमजांचं खरं आगार इथे आहे. गाडीचं दार उघडायचा अवकाश, चार-पाच जण भोवती येतात. “ट्रेन बंद आहे साहेब.” “आत सात किलोमीटर आहे, चालवणार नाही.” “ई-रिक्षाची लाइन दोन तासांची आहे.” माणूस गांगरतो, मुलं कंटाळलेली असतात, आणि पाच मिनिटांत घर­चे सगळे घोड्यावर बसलेले असतात. यातली किती विधानं खरी होती हे संध्याकाळी परतताना कळतं. हा त्रास एवढा वाढला होता की मार्च २०२५ मध्ये पर्यटकांची फसवणूक थांबवा म्हणून माथेरानकरांनीच बंद पुकारला. ज्या गावाचं पोट पर्यटनावर आहे, त्याने स्वतःची दुकानं बंद ठेवून हे मागावं, यातून प्रश्नाचं गांभीर्य कळतं.

वस्तुस्थिती अशी की दस्तुरीहून आत जायला चार वाटा आहेत. पहिली पायाची. अडीच-तीन किलोमीटरचा रस्ता बराचसा झाडांच्या सावलीतून जातो आणि चढ फार नाही. रमतगमत पाऊण-एक तास. दुसरी शटल ट्रेन. दस्तुरीपासून काही मिनिटं चाललं की अमन लॉज स्टेशन लागतं. तिथून माथेरानपर्यंत छोटी गाडी सुमारे वीस मिनिटांत नेते. तिकीट तिथल्या खिडकीवर मिळतं, त्यामुळे गाडी चालू आहे की नाही ते खिडकीवरच विचारावं, रस्त्यात भेटणाऱ्याला नाही. तिसरी ई-रिक्षा. सर्वोच्च न्यायालयाच्या परवानगीने डिसेंबर २०२२ मध्ये त्यांची चाचणी सुरू झाली. संख्या कमी असल्याने रांग लागते हे खरं, पण आजीसाठी याहून चांगली सोय नाही. चौथी घोड्याची. घोड्यांना नगरपरिषदेचा परवाना असतो, दरांचा फलक नाक्यावर असतो. बसण्याआधी दर, कुठले पॉइंट आणि किती वेळ हे तिन्ही बोलून घ्यावं. आणि हेल्मेट मागावं. घोडा उधळून पर्यटकांचे जीव गेल्याच्या घटना माथेरानमध्ये घडल्या आहेत. मुलाला एकट्याला घोड्यावर बसवून फोटो काढण्याची घाई नको.

माणसाने ओढायच्या हातरिक्षेबद्दल वेगळं लिहायला हवं. “ती तर माथेरानची परंपरा, तेवढीच गरिबाला मदत” असं अनेक जण अजून मनापासून म्हणतात. एक जण पुढून ओढतो, दोघं मागून ढकलतात, आणि लाल धुळीच्या चढावर त्या तिघांच्या पोटऱ्या ताठरलेल्या दिसतात. ६ ऑगस्ट २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही प्रथा अमानवी ठरवली, सहा महिन्यांत ती थांबवण्याचा आदेश दिला आणि या रिक्षा ओढणाऱ्यांच्या पुनर्वसनासाठी ई-रिक्षांची योजना राबवायला राज्य सरकारला सांगितलं. पैसा नाही ही सबब चालणार नाही, असंही बजावलं. तेव्हा मदत करायची असेल तर ई-रिक्षात बसावं.

“एका दिवसात सगळे पॉइंट” हा पुढचा भ्रम. माथेरानचे अडतीस पॉइंट असं सांगायची पद्धत आहे. नकाशा उघडून बघा. पॅनोरमा उत्तर टोकाला, बाजारापासून चार-पाच किलोमीटर. वन ट्री हिल आणि चौक पॉइंट दक्षिण टोकाला. सूर्यास्तासाठी प्रसिद्ध असलेला पॉर्क्युपाइन पश्चिमेला. पॅनोरमाचं सगळं महत्त्व सूर्योदयाचं. बोरिवलीहून पहाटे पाचला निघालेली गाडी दस्तुरीला पोचेपर्यंत सूर्य चांगला वर आलेला असतो. म्हणून एका दिवसाच्या टूरमध्ये ‘पॅनोरमाचा सूर्योदय’ लिहिला असेल, तर ती यादी डोंगराची उंचीही न पाहिलेल्या माणसाने लिहिलेली आहे असं समजावं. त्यासाठी आदल्या रात्री मुक्कामच करावा लागतो. घोड्यावरून ‘बारा पॉइंट’ करून आलेल्यांना विचारा, त्यातल्या अर्ध्यांची नावंही त्यांना आठवत नाहीत. कड्यावर निवांत बसल्याशिवाय माथेरान कळत नाही. धुकं सरकायला आणि समोरचा डोंगर उघडा पडायला वेळ लागतो.

छोट्या गैरसमजांचा निकाल लवकर लावू. शार्लोट लेकमध्ये बोटिंग नाही, पोहणंही नाही. ते गावाच्या पिण्याच्या पाण्याचं तळं आहे. बोटिंग आठवतं ते महाबळेश्वरच्या वेण्णा तलावातलं. पावसाळ्यात माथेरान बंद होत नाही. नेरळ ते अमन लॉज ही घाटातली गाडी पावसाच्या महिन्यांत थांबवतात, अमन लॉज-माथेरान शटल सहसा चालू असते. आणि नेरळहून टॉय ट्रेनने गेलं की वेळ वाचतो असंही नाही. ती गाडी सुमारे एकवीस किलोमीटर वळसे घेत अडीच तासांहून जास्त वेळ घेते. घाटरस्ता त्याच्या निम्म्याहूनही कमी आहे. ती वेळ वाचवायची गाडी नाहीच. सर आदमजी पीरभॉय या मुंबईच्या उद्योगपतीने सोळा लाख रुपये घातले, त्यांचे चिरंजीव अब्दुल हुसेन यांनी डोंगर पोखरून दोन फुटी रूळ टाकले, आणि २२ मार्च १९०७ रोजी गाडी धावू लागली. तिच्यात बसायचं ते हे काम बघायला.

आता गाइडकडे येऊ. “गाइड म्हणजे सरकारी परवान्याचा जाणकार” हे गृहीत धरू नये. केंद्रीय पर्यटन खातं गाइडना प्रशिक्षण आणि ओळखपत्र देतं, पण टूरमध्ये ‘गाइड’ म्हणून येणारा कित्येकदा गाडीचा ड्रायव्हरच असतो, आणि तो दस्तुरीला गाडीपाशीच थांबतो. आतला माणूस हवा. माथेरानचा जाणता रहिवासी, मग तो घोडेवाला का असेना, मुंबईहून नेलेल्या कुठल्याही माणसापेक्षा जास्त दाखवू शकतो. लुईझा पॉइंटवर उभं करून तो समोरचा प्रबळगड दाखवेल, उजवीकडच्या टोकाला कलावंतिणीचा सुळका दाखवेल. पायाखालचा लाल दगड जांभा आहे, वरची माती धरून ठेवायला झाडांची मुळंच आहेत, म्हणून वाट सोडून उतारावरून चालू नका, हे दगड हातात घेऊन सांगेल. बुकिंग करताना एकच विचारावं: बरोबर चालणारा माणूस माथेरानचा आहे का?

त्याच्याकडून इतिहासही नीट ऐकायला मिळावा, कारण इतिहासाबद्दलचा गैरसमज सगळ्यात चिवट आहे. “माथेरान ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट यांनी १८५० मध्ये शोधलं.” पाट्यांवर हेच, जाहिरातींत हेच. मॅलेट मे १८५० मध्ये चौकच्या बाजूने वर चढले आणि रामबागकडून उतरले, हे खरं. त्यांनी या डोंगराची कीर्ती मुंबईच्या साहेबांपर्यंत पोचवली, पुढे गव्हर्नर लॉर्ड एल्फिन्स्टन यांनी तो वसवायला चालना दिली, हेही खरं. पण ज्या वाटेने मॅलेट चढले ती वाट कुणीतरी आधीच पाडलेली होती. धनगर, ठाकर, कातकरी या डोंगराच्या अंगाखांद्यावर राहत होते, रानात जात होते, गुरं चारत होते. तळ्याकाठचा पिसरनाथ हे इथलं ग्रामदैवत. आजही भोवतालच्या वाड्यांतून माणसं डोक्यावर भाजी आणि जळण घेऊन डोंगर चढून बाजारात येतात. १९ जुलै २०२३ च्या रात्री दरडीखाली गाडली गेलेली इर्शाळवाडी याच मुलखातली ठाकरांची वाडी. इर्शाळगडाकडे बोट दाखवताना ती आठवण वगळणारा गाइड मला अपुरा वाटतो.

आणि माथेरान म्हणजे केवळ साहेबांची हवा खायची जागा, हेही खोटं. विठ्ठल लक्ष्मण कोतवाल, म्हणजे भाई कोतवाल, यांचा जन्म १ डिसेंबर १९१२ रोजी माथेरानचाच. न्हावी समाजातल्या गरीब घरातला हा मुलगा वकील झाला, गावाच्या नगरपालिकेत उपाध्यक्ष झाला, आणि १९४२ च्या लढ्यात ‘आझाद दस्ता’ उभारून मुंबईकडे वीज नेणारे मनोरे पाडू लागला. २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडच्या जंगलात पोलिसांच्या गोळ्यांनी ते हुतात्मा झाले. त्यांच्याबरोबर हिराजी पाटीलही. इको पॉइंटवर मुलं आरोळ्या देतात तेव्हा त्यांना हे नाव माहीत असावं, असं मला मनापासून वाटतं. लुईझा आणि शार्लोट कोण होत्या हे विचारणाऱ्या पाहुण्याला कोतवाल कोण होते हे कुणी सांगतच नाही.

शेवटी जाण्यायेण्याचं. उपनगरातून खासगी गाडीशिवाय जाता येत नाही, ही समजूत मुख्यतः पश्चिम रेल्वेवाल्यांची. अंधेरीकरांना मेट्रोने घाटकोपर गाठता येतं, बोरिवलीकरांना दादरला बदलता येतं. कर्जत किंवा खोपोली लोकल नेरळला थांबते. मुलुंडकरांनी ठाण्याला गाडी बदलणं बऱ्याचदा सोयीचं. नेरळला स्टेशनबाहेर शेअर टॅक्सी दस्तुरीपर्यंत नेते. गाडीवर वाचलेले पैसे आतल्या माणसाला द्या आणि एका दिवसाला एकच बाजू घ्या: पिसरनाथ, शार्लोट लेक, लॉर्ड्‌स, इको, लुईझा हे सगळे एकमेकांच्या जवळ आहेत, मध्ये जेवणालाही वेळ उरतो. दस्तुरीला प्रवासी कराची पावती जपून ठेवा, खाऊ पिशवीत झाकून ठेवा, माकडं हातातून ओढून नेतात. परतताना अंधाराआधी दस्तुरी गाठा. उशीर झाला की शेअर टॅक्सीला माणसं जमत नाहीत आणि पूर्ण टॅक्सीचं भाडं एकट्यावर पडतं.